पाणकावळ्यांपासून दोनशे पावलं

बहारीनमध्ये मी वीस वर्षं टुरिस्ट गाइडचं काम केलं असं सांगितलं की लोक आधी हसतात. "तिथे दाखवायला काय आहे? मॉल?" रत्नागिरीची माझी नणंद तर अजून सगळ्यांना सांगते, "आमची वहिनी अरबांच्या देशात उंट दाखवायची." वीस वर्षांत मी एकाही माणसाला उंट दाखवलेला नाही. उंट दिसायचे, पण ते रस्त्याच्या कडेला आपापले उभे असायचे. त्यात माझं कर्तृत्व काही नाही.

मी दाखवायचे ते वेगळं. आमच्या कंपनीची एक दिवसाची सहल होती: बेटावरचे वन्यप्राणी आणि बेटावरची मूळची माणसं. दक्षिणेच्या वाळवंटात एक अभयारण्य आहे. तिथे ओरिक्स नावाचं पांढरंशुभ्र हरीण बघायचं, सरळसोट लांब शिंगांचं. उघड्या रानातून हा प्राणी एकदा पार संपला होता; माणसांनी कुंपणात जपून वाढवला म्हणून आज दिसतो. दगडांच्या फटीत सांडे, म्हणजे जाड शेपटीचे मोठे सरडे, ऊन खात पडलेले असायचे. मग समुद्रकाठच्या एका जुन्या गावात जायचं. तिथे ओहोटीला पाणी मागे सरलं की खजुराच्या झावळ्यांच्या देठांचं एक लांबलचक कुंपण उघडं पडतं, बाणाच्या टोकासारखं. भरतीबरोबर आत आलेले मासे त्याच्या टोकाला अडकून राहतात. त्याला हदरा म्हणतात. आमच्या दाभोळच्या खाडीत खुंट ठोकून जाळं लावतात, त्याचा हा चुलतभाऊ. आणि शेवटी बोटीतून हवार बेटं. हिवाळ्यात तिथे हजारो पाणकावळे जमिनीवर, नुसत्या खडीत, घरटी करतात. नशीब असेल तर वाटेत डुगाँग, म्हणजे समुद्रातली गाय, नाक वर काढून श्वास घेताना दिसते.

यातलं आधी काय आणि नंतर काय, हे ओहोटीवर ठरायचं. ओहोटी रोज पाऊणएक तास पुढे सरकते. त्यामुळे आमचं टाइमटेबल मॅनेजर कधीच ठरवू शकला नाही, ते चंद्राने ठरवलं. "कालच्या ग्रुपला गाव आधी दाखवलं, आम्हाला का नाही?" या प्रश्नाचं उत्तर मी किती वेळा दिलं असेल, अल्ला जाणे.

लोकांना वाटतं, गाइड म्हणजे प्राणी ओळखणारी बाई. प्राणी ओळखणं हा त्यातला सगळ्यात सोपा भाग. खरं काम म्हणजे डोकी मोजणं. बसमध्ये चढताना, उतरताना, बोटीत बसताना, परत बसताना. कोणी टोपी आणली नाही, कोणी पाणी पीत नाही आणि मग चक्कर येते, कोणाला बाथरूमला जायचंय पण सांगायची लाज वाटते, हे चेहऱ्यावरून ओळखणं. एका गृहस्थांनी ओरिक्सच्या कुंपणापाशी मला घड्याळ दाखवून विचारलं होतं, "हे पळतात किती वाजता?" साताऱ्याचे एक निवृत्त हेडमास्तर मुलाकडे आले होते. हदऱ्याच्या चिखलात त्यांचा बूट रुतून गेला. शोधून काढला तर आत खेकडा बसलेला. गुरुजी म्हणाले, "राहू द्या, त्याला गरज जास्त दिसतेय." आणि बसपर्यंत एका पायाने अनवाणी आले. अशा माणसांसाठी मी पगाराशिवायही काम केलं असतं.

या कामात मी शिरले ती जिन्यामुळे. माझे मिस्टर, इक्बाल, अस्करजवळच्या अॅल्युमिनियमच्या कारखान्यात भट्टीवर. आमचं घर जिदहफ्सला, चौथ्या मजल्यावर, लिफ्ट नसलेल्या बिल्डिंगमध्ये. रत्नागिरीला झूऑलॉजी घेऊन बी.एस्सी. झाले होते, पण इथे आल्यावर पहिली काही वर्षं साहिलला वाढवण्यात गेली. खालच्या मजल्यावरच्या बायका जिन्यात बसून भाजी निवडायच्या, मी त्यांच्यात बसायचे. त्यांच्याकडून अरबी आली, पण ती गावाकडची. मनामाच्या बाजारात बाईला "कशी आहेस?" विचारायचं तर "शलोनिच" म्हणतात. आमच्या जिन्यात "शलोनिश" म्हणायचे. एकदा सुट्टीची तिकिटं काढायला ट्रॅव्हल कंपनीत गेले होते. मॅनेजर थॉमस, कोचीचा माणूस, फोनवर कुणा गावकऱ्याशी झटापट करत होता. मी फोन घेतला आणि दोन मिनिटांत प्रकरण मिटवलं. थॉमसने विचारलं, "ही भाषा कुठे शिकलात?" मी म्हटलं, "जिन्यावर." पुढच्या महिन्यात मी त्याच्याकडे कामाला होते.

फोनवरचा तो गावकरी म्हणजे हज्जी मन्सूर. वय साठीचं, उन्हाने रापलेला, बोलायला तुटक. तो हदरा त्याच्या वडिलांचा, बोटही त्याची. कंपनीला दोन्ही हवं होतं. कंपनीच्या अटी सांगायला थॉमसने मलाच पाठवलं आणि हज्जीच्या अटी ऐकूनही मीच आले. "मी कपडे बदलून नाटकातल्यासारखा उभा राहणार नाही. आणि गाणार नाही." त्याचे वडील मोत्यांसाठी बुडी मारणाऱ्यांच्या बोटीवर होते. ती गाणी टुरिस्ट लोकांना फार आवडतात. हज्जी म्हणाला, "ते दोर ओढताना म्हणायचं गाणं. इथे कोण दोर ओढतंय?"

पाहुण्यांशी तो हिंदीत बोलायचा, तरुणपणी मुंबईच्या गोदीत शिकलेल्या हिंदीत. हदऱ्यापाशी उभा राहून सांगायचा, "ये मछली का घर. दरवाजा है, खिड़की मफी." मफी म्हणजे नाही. बस, एवढंच. बाकीचं मी सांगायचे. मला तो उम्म साहिल म्हणायचा, साहिलची आई.

आता जे सांगणार आहे ते मी आजवर लिहिलेलं नाही. माझ्या नोकरीचा तो तिसरा हिवाळा. आपल्याच मराठी कुटुंबांचा ग्रुप होता, मुलाबाळांसकट. त्यांतले काही जण मराठी मंडळाचा हा अंक वाचतील. मी त्यांना दोष देत नाही, दोष माझाच होता. आम्ही हवारच्या एका छोट्या बेटावर उतरलो. पाणकावळ्यांची वसाहत समोर, जमीन दिसू नये इतके पक्षी, काळेभोर, अंड्यांवर बसलेले. आम्ही लांबच उभे होतो. एक आई म्हणाली, "मुमताजताई, मुलं इतक्या लांबून आलीत. जरा जवळून दाखवा ना. काही करणार नाहीत ती." बाकीच्यांनीही माना डोलावल्या. आपली माणसं, आपल्या भाषेत ताई म्हणताहेत. घराबाहेर मला पोटभर मराठी बोलायला मिळायचं ते अशाच ग्रुपमुळे.

मी म्हटलं, "दहा मिनिटं. हळू चला."

हळू चालणं मुलांना कुठून येणार? ती पळाली. आणि समोरची अख्खी जमीन उठली. हजारो पंखांचा असा आवाज की शेजारच्याचं बोलणं ऐकू येईना. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, फोटो काढले. माझ्याही चेहऱ्यावर हसू होतं, हे मला आठवतं.

मग कुरव आले. पांढरे समुद्रपक्षी, ते तर कडेने टपूनच बसलेले असतात. आई-बाप उठले की यांचं जेवण. एकेका अंड्यावर दोन-दोन. चोचीने फोडायचे, थोडं खायचे, पुढच्यावर जायचे. फिक्या निळसर रंगाची अंडी, एकामागून एक फुटत होती. टाळ्या थांबल्या. सहा-सात वर्षांची एक मुलगी माझा हात ओढून म्हणायला लागली, "आँटी, मेक देम स्टॉप! आँटी!" मी ओढणी काढून कुरवांच्या दिशेने धावले. ओरडत, ओढणी फिरवत. त्याने पाणकावळे आणखीच लांब गेले.

बोटीवरून हज्जी गरजला, "परत फीर! तू जितकी धावशील तितके ते लांब जातील!"

परतीच्या तासाभरात ती मुलगी आईच्या मांडीत तोंड खुपसून होती. हज्जीने धक्क्यावर दोर बांधला आणि माझ्याकडे न बघता निघून गेला. त्यानंतर महिनाभर त्याने फोन उचलला नाही.

शेवटी मी त्याच्या गावी गेले. तो अंगणात तारेचा माशांचा पिंजरा विणत बसला होता. बायकोने मला चहा दिला. त्याने आणखी दोन तारा वळवल्या. मग म्हणाला, "तुला आमची भाषा आली. भरती-ओहोटी आली. पक्षी तर माझ्यापेक्षा जास्त कळतात तुला, पुस्तकं वाचलीस. एकच गोष्ट शिकली नाहीस, नाही म्हणायला."

मी म्हटलं, "हज्जी, माणसं नाराज झाली असती."

"मग?" तो म्हणाला.

घरी येताना बसमध्ये मी या "मग"चं उत्तर शोधत राहिले. माणसं नाराज झाली असती, मग? मग काहीच नाही. संध्याकाळी घरी जाऊन जेवली असती. अंडी मात्र परत आली नसती.

पुढच्या हिवाळ्यात पहिला ग्रुप यायच्या आधी आम्ही दोघंच बेटावर गेलो. मी एकेक पाऊल मोजत पुढे सरकत होते, हज्जी मागे थांबून पक्ष्यांवर नजर ठेवून होता. दोनशे पावलांवर पक्षी निवांत. दीडशेवर माना वर झाल्या. त्याच्याही आत गेले तशी कडेची जोडपी पाय बदलायला लागली. हज्जी हलक्या आवाजात म्हणाला, "खलास. परत ये." तिथून मागे येऊन, पक्ष्यांपासून दोनशे पावलांवर आम्ही दगडांचा कमरेइतका ढीग रचला. हा आकडा कुठल्या पुस्तकातला नाही. तो हज्जीच्या डोळ्यांचा आणि माझ्या पायांचा आहे. मी थॉमसच्या मागे लागून एक चांगली दुर्बीण घेतली, तिपाईवर उभी करायची. दोनशे पावलांवरून तिच्यातून अंड्यांवरच्या पक्ष्याचा हिरवट डोळा दिसायचा. त्यानंतर ढिगाच्या पुढे कोणाला जाऊ दिलं नाही. नाराज झाले, तर झाले.

बरीच वर्षं हे सुरळीत चाललं, आणि मग करंदीकर साहेब आले.

करंदीकर पुण्याचे, एका मोठ्या वित्तसंस्थेत वरच्या हुद्द्यावर, राहायला अमवाजच्या श्रीमंत वस्तीत. मंडळाच्या कार्यक्रमांत मी त्यांना लांबून ओळखत होते. परदेशातून आलेले बारा पाहुणे त्यांना फिरवायचे होते. सहल आवडली तर त्यांच्या कंपनीचं वर्षभराचं काम आमच्याकडे येणार होतं. निघताना थॉमस बसच्या दारात उभा राहून मला म्हणाला, "मुमताज, आज ते सांगतील तसं." मी म्हटलं, "इंशाल्ला." थॉमस इतकी वर्षं या देशात होता, माझ्या इंशाल्लाचा अर्थ त्याला कळायला हवा होता.

सकाळ चांगली गेली. पाहुणे हौशी होते, चिखलात उतरले, न कळताही हज्जीच्या हिंदीवर हसले. बोट हवारच्या जवळ पोचली तेव्हा करंदीकरांनी सॅकमधून ड्रोन काढला. मी म्हटलं, "सर, हा इथे उडवता येणार नाही. घरट्यांचा मोसम आहे."

ते हसले. "दोनच मिनिटं. वरून शॉट घेतो. पाहुण्यांना पाठवायचाय."

"नाही सर. आणि उतरल्यावर दगडांचा ढीग आहे, त्याच्या पुढे जायचं नाही. दुर्बीण लावते, छान दिसतात."

त्यांनी ड्रोन खाली ठेवला, मला बोटीच्या मागच्या टोकाला घेऊन गेले आणि मराठीत बोलायला लागले. आवाज खालचा, अगदी घरच्यासारखा. "मुमताजताई, हे लोक किती महत्त्वाचे आहेत तुम्हाला माहीत नाही. त्यांना सांगून आणलंय मी, पक्ष्यांच्या मधोमध उभं राहायला मिळेल. आता सगळ्यांसमोर माझी शोभा करू नका. आपलीच माणसं ना आपण?"

पुन्हा तेच शब्द, तीच ताई. चारचौघांत मराठी माणसाची मान खाली घालायची मला सवय नाही. मी म्हटलं, "साहेब, आपलीच माणसं म्हणून मी एकदा नेलं होतं. पुन्हा नेणार नाही."

"मी थॉमसशी बोलतो."

त्यांनी फोन काढला. हवार कतारच्या इतकं जवळ आहे की आमचे फोन तिथे कतारचं नेटवर्क पकडतात. "वेलकम टू कतार" असा मेसेज आला, तो वाचून ते आणखी चिडले. फोन लागला. दोन मिनिटं बोलून त्यांनी तो माझ्या हातात दिला.

थॉमसचा आवाज कापरा होता. "मुमताज, प्लीज. एकदाच. पक्षी काय, परत बसतील."

"बसतील," मी म्हटलं. "फुटलेल्या अंड्यांवर."

"मग उद्यापासून येऊ नकोस."

"ठीक आहे. पण आज संध्याकाळपर्यंत गाइड मी आहे."

फोन परत दिला. हज्जी सुकाणूवर उभा होता. इंग्रजी त्याला येत नव्हतं, मराठीही नाही. पण त्याला सगळं कळलं होतं. कंपनीचं काम गेलं तर त्याचंही जाणार होतं. त्याने फक्त विचारलं, "कुठे नेऊ?"

"ढिगापाशी. नाही तर परत."

"यल्ला," हज्जी म्हणाला. म्हणजे, चला.

आम्ही उतरलो. ढिगापाशी तिपाई लावली. पाहुण्यांची तोंडं उतरलेली, करंदीकर बाजूला पाठ करून उभे. मला भाषण करता येत नाही. मी माझ्या मोडक्यातोडक्या इंग्रजीत त्या तिसऱ्या हिवाळ्याची गोष्ट सांगितली. टाळ्यांची, ओढणीची, त्या मुलीची. मी हसत होते, हेही सांगितलं. इतक्या वर्षांत कंपनीत कुणाला सांगितलं नव्हतं, ते बारा अनोळखी माणसांसमोर सांगितलं. 

त्यांच्यात एक उंच, पिकल्या केसांची बाई होती. ती पुढे आली आणि दुर्बिणीला डोळा लावून उभी राहिली. बराच वेळ. मग दुसरा आला. दोघं-तिघं मात्र शेवटपर्यंत आले नाहीत. बोटीत जाऊन सँडविच खात बसले. सिनेमा असता तर परतीच्या वाटेवर डुगाँगचा कळप आला असता आणि सगळ्यांचे चेहरे उजळले असते. आम्हाला एक जेलीफिश दिसला. धक्क्यावर उतरून मी डोकी मोजली. चौदा: बारा पाहुणे, करंदीकर आणि ड्रायव्हर. सगळे बसमध्ये चढले आणि माझी नोकरी संपली.

घरी इक्बाल शिफ्ट संपवून नुकतेच आले होते. मी सगळं सांगितलं. वाटलं, म्हणतील, एवढं कशाला ताणलंस? त्यांनी बूट काढत काढत म्हटलं, "आमच्या भट्टीपाशी जमिनीवर पिवळी रेघ आहे. मालक आला तरी सेफ्टीशिवाय मी त्याला रेघ ओलांडू देत नाही. तू वेगळं काय केलंस?" साहिल तेव्हा कॉलेजात होता. तो आतून ओरडला, "मम्मा, यू गॉट फायर्ड फॉर बर्ड्स?" आणि बाहेर येऊन माझ्याकडे अशा नजरेने बघितलं, की तशी नजर त्याने आधी कधी टाकली नव्हती.

तरी पुढचे दोन महिने वाईट गेले. सकाळी पाचला जाग यायची, ओहोटी किती वाजता हे मनात आपोआप हिशोबाला यायचं, आणि मग आठवायचं की आता त्याचा उपयोग नाही. करंदीकरांनी मंडळात काय सांगितलं माहीत नाही, पण भाजीच्या दुकानात दोन ओळखीच्या बायकांनी मला पाहून तोंड फिरवलं. मला अनेकदा वाटलं, गोड बोलून जमलं असतं का? कदाचित जमलं असतं. गोड बोलण्यात मी नेहमीच कमी पडले, याची खंत आहे. पण त्या दिवशी थांबवल्याची खंत नाही.

कंपनीने माझ्या जागी दुसरा गाइड घेतला, हुशार, चार युरोपी भाषा येणारा. तो बुकिंगसाठी हज्जीकडे गेला. हज्जीने त्याला चहा पाजला आणि सांगितलं, "उम्म साहिल कुठेय? ती नाही, तर बोट मफी." मी फोन करून म्हटलं, "हज्जी, माझ्यासाठी तुमचं काम घालवू नका." तो म्हणाला, "तुझ्यासाठी कोण करतंय? मला त्याची पोरकट माणसं बेटावर न्यायची नाहीत." हदऱ्याच्या गावातल्या इतरांनीही दुसऱ्या गाइडला वाट दिली नाही. थॉमसने मग एका हॉटेलच्या अंगणात नकली हदरा उभा केला, भाड्याचे कपडे घालून दोन माणसं उभी केली आणि गाण्याची रेकॉर्ड लावली. पाहुण्यांनी तक्रारी केल्या: आम्ही समुद्र बघायला आलो होतो.

एके दुपारी दारावर थाप पडली. थॉमस, चार मजले चढून, घामाने निथळत. मी पाणी दिलं, चहा दिला. त्याने "सॉरी" म्हणायचा दोनदा प्रयत्न केला, तो जमेना. मी म्हटलं, "राहू दे. कागद आण."

मी तीन गोष्टी लिहिल्या. बेटावर गाइडचा शब्द शेवटचा. दोनशे पावलांचा नियम बुकिंगच्या पावतीवरच छापायचा, म्हणजे कोणाची शोभा बेटावर व्हायला नको. आणि हज्जीला गा म्हणायचं नाही. थॉमसने तिसरी वाचून विचारलं, "ही कशाला? तो तर कधीच गात नाही." मी म्हटलं, "तू त्याला दर वेळी विचारतोस म्हणून." त्याने सही केली. जिना उतरताना थांबून म्हणाला, "मुमताज, त्या दिवशी मी घाबरलो होतो." मी म्हटलं, "मीपण."

करंदीकरांची पुढे एकदाच भेट झाली. पुण्याहून आलेल्या आईला घेऊन ते सहलीला आले. बुकिंग पाहून मला वाटलं, आता काय? पावतीवरचा नियम त्यांनी वाचला होता. बेटावर आई दुर्बिणीत बघत होत्या, त्यांनी विचारलं, "एवढे पक्षी जमिनीवर बसतात, यांना कोणी उठवत नाही का रे?" करंदीकर म्हणाले, "नाही आई. इथे बाई उठवू देत नाहीत." माझ्याकडे त्यांनी पाहिलं नाही, मीही त्यांच्याकडे पाहिलं नाही. आईंना हात धरून बोटीत मात्र आम्ही दोघांनी मिळून चढवलं.

गेल्या वर्षी गुडघ्यांनी राजीनामा दिला, म्हणून मीही दिला. हज्जी आता बोट चालवत नाही, घरात बसून नातवंडांवर ओरडतो. माझ्या जागेवर त्याची नात झहरा आली. तीस वर्षांची, बायोलॉजी शिकलेली, लग्न झालेली, आवाज आजोबांसारखा. तीन हिवाळे तिने माझ्याबरोबर काम केलं. मी तिला डोकी मोजायला शिकवलं, पक्ष्यांची शास्त्रीय नावं तिने मला शिकवली.

या हिवाळ्यात मी पहिल्यांदा पाहुणी म्हणून गेले. तिकीट काढून, टोपी घालून, लोकांमध्ये बसून. ढिगापाशी उभी राहिले. मोतीबिंदूचं ऑपरेशन व्हायचं आहे, त्यामुळे दुर्बिणीतून काही धड दिसेना. नुसता काळा रंग हलताना दिसत होता. पिल्लं बाहेर आली आहेत, असं सगळे म्हणत होते. मला वाटलं, थोडं पुढे गेलं तर डोळ्यांनी दिसेल. या पक्ष्यांना मी ओळखते, कसं चालायचं ते मला माहीत आहे. मी ढिगाला वळसा घातला आणि चार-पाच पावलं पुढे गेले.

"खालती," मागून झहराचा आवाज आला. खालती म्हणजे मावशी. "तिथून नाही."

सगळा ग्रुप माझ्याकडे बघत होता. मी म्हटलं, "अगं, हा ढीग मी रचलाय."

"माहीत आहे," झहरा म्हणाली. "मागे या."

मला राग आला, हे कबूल करते. चांगला आला. पिल्लं बघायची होती, पुढच्या वर्षी मी येईन की नाही माहीत नव्हतं, आणि ही मुलगी सगळ्यांसमोर मला थांबवत होती. मी तिच्या तोंडाकडे पाहिलं. ती जागची हलली नाही.

मी मागे आले. तिने माझा हात धरून मला दगडावर बसवलं, पाण्याची बाटली दिली आणि दुर्बिणीला डोळा लावून, तिला काय काय दिसतंय ते मला सांगायला लागली. डावीकडे दोन पिल्लं, अजून पिसं फुटायची आहेत. एक आईच्या चोचीत डोकं घालून मासा काढतंय. मी डोळे मिटून ऐकत राहिले.